न बोललेल्या खासदाराची पाटी

आमच्या खालच्या मजल्यावरचे म्हातारे गृहस्थ दारात उभे दिसले की मला आधी कचरा आठवायचा. दह्याचा डबा न धुताच प्लास्टिकच्या कचऱ्याच्या पिवळ्या पिशवीत गेला असेल, नाहीतर जिना पुसायची आमची पाळी मी विसरले असेन. जर्मनीतल्या बाड हॉम्बुर्गच्या त्या इमारतीत आम्ही अकरा वर्षं राहत होतो आणि अकरा वर्षांत हे गृहस्थ तक्रारीशिवाय वर आल्याचं मला आठवत नव्हतं. त्यामुळे २०१३च्या नोव्हेंबरातल्या एका रविवारी त्यांनी बेल वाजवली तेव्हा मी दार उघडता उघडताच म्हणाले, "काल पुसलाय जिना."

"पाहिलं मी. कोपरे राहिलेत," ते म्हणाले. "पण मी त्यासाठी आलो नाही."

त्यांच्या हातात पुठ्ठ्याचं खोकं होतं. ते लॅटिनचे निवृत्त शिक्षक आणि गावातल्या इतिहासप्रेमींच्या फेराइनचे अध्यक्ष. फेराइन म्हणजे रीतसर नोंदवलेलं मंडळ. तीन जर्मन एकत्र आले की फेराइन काढतात, असं जर्मन लोक स्वतःच म्हणतात. तर या मंडळाला एका जुन्या घराच्या माळ्यावरची पत्रं मिळाली होती. त्या घरात दीडपावणेदोनशे वर्षांपूर्वी एक इंग्रज खासदार भाड्याने राहत होता आणि तिथेच वारला. पत्रं त्याची. मंडळात कुणालाच ती वाचता येईनात.

"मग मी काय करू?" मी विचारलं.

"तुमच्या देशावर इंग्रजांचं राज्य होतं ना," ते अगदी सहज म्हणाले. "तुम्हाला त्यांचं अक्षर लागेल."

रोमनांनी इथे राज्य केलं म्हणून तुम्हाला जन्मतःच लॅटिन येत होतं का, हे उत्तर मला ते खाली गेल्यावर सुचलं. तोवर खोकं माझ्या जेवणाच्या टेबलावर होतं. नवरा र्युसेल्सहाइमला मोटारींच्या कारखान्यात इंजिनिअर आहे. आठवडाभर मान मोडून काम करतो आणि रविवारी पेपरच्या मागून शहाणपणा करतो. तो म्हणाला, "नाही म्हणायचं ना मग."

मी तेव्हा एका कंपनीत अर्धवेळ काम करत होते. यंत्रांची माहितीपुस्तकं तपासायची: कुठे स्वल्पविराम राहिला, कुठे आकृतीचा क्रमांक चुकला. इतिहासाशी माझा संबंध दहावीला संपला होता. पण शुक्रवारी सुट्टी असायची, बाहेर नोव्हेंबर होता, आणि खालच्या मजल्याशी वैर परवडण्यासारखं नव्हतं. म्हटलं, बघू दोन पत्रं.

पहिल्या पत्रानेच माझा जीव काढला. या माणसाने कागदावर आडव्या ओळी लिहिल्या होत्या आणि पान भरल्यावर तोच कागद फिरवून त्याच ओळींवर उभ्या ओळी लिहिल्या होत्या. जाळीच्या दारातून वर्तमानपत्र वाचावं तसं ते दिसायचं. कागद वाचवायची ही पद्धत तेव्हा सर्रास होती म्हणे. टपाल महाग, पानं वाढली की हशील वाढायचं. पण खासदारांना टपाल फुकट होतं! तरीही हा गृहस्थ जाळी विणत बसायचा. मी भिंग आणलं, मग फोटो काढून कॉम्प्युटरवर मोठे करून बघू लागले. एका शुक्रवारी चार तासांत मी एक पान वाचलं, आणि त्या पानात त्याने आपल्या बहिणीला कळवलं होतं की खोकला अजून गेला नाही.

हळूहळू मात्र माणूस जुळत गेला. इंग्लंडच्या पूर्वेकडच्या एका जमीनदाराचा हा दुसरा मुलगा. तिकडच्या रिवाजाप्रमाणे जमीन, वाडी, घोडे सगळं थोरल्याला. धाकट्याने एकतर पाद्री व्हायचं नाहीतर फौजेत जायचं. याला देवाधर्माची ओढ नव्हती आणि छाती कमजोर. शेवटी एका चुलतभावाने त्याची सोय लावली. हा चुलतभाऊ मोठा उमराव होता, आणि एका मोडकळीला आलेल्या गावची पार्लमेंटची जागा त्याच्या खिशात होती. गावात मतदार म्हणाल तर एका पंगतीला बसतील एवढे, आणि सगळे त्या उमरावाचे भाडेकरू. तो सांगेल तो खासदार. आमचा माणूस असा १८१२ साली निवडून आला. मतदारसंघात तो आयुष्यात एकदाच गेला. मतदारांनी त्याला मटण खायला घातलं आणि त्याचं पोट बिघडलं. त्या पोटाबद्दल दीड पान आहे. मतदारांबद्दल एक ओळ.

मग एकोणीस वर्षं तो त्या सभागृहात बसला. मतदानाच्या वेळी उमरावाचा निरोप यायचा, त्याप्रमाणे हा उठायचा किंवा बसायचा. भाषण केलं दोनदा. पहिल्यांदा कुठल्याशा पुलाबद्दल, दोन वाक्यं. दुसऱ्यांदा उभा राहिला तेव्हा लोकांना जेवायला जायचं होतं. त्या काळी सभागृहात नको असलेल्या माणसाला खोकून खाली बसवायची रीत होती. दोनतीनशे माणसं खोकायला लागली आणि हा बसला. स्वतःला वर्षभर खोकला, आणि शेवटी दुसऱ्यांच्या खोकल्याने हरला.

मी मराठी बाई. त्यामुळे मी पहिल्यांदा हिंदुस्थान शोधला. १८१३ साली ईस्ट इंडिया कंपनीच्या सनदेवर चर्चा झाली होती, हे मी वाचून काढलं. आपल्या कोट्यवधी माणसांवर राज्य कसं करायचं, ते ठरत होतं. त्या आठवड्याचं पत्र मी मोठ्या आशेने उघडलं. लिहिलं होतं: आज हिंदुस्थानचा विषय, त्यामुळे बाकं रिकामी, मीही लवकर निघालो आणि छान बदक खाल्लं. मग मी १८१८ घेतलं. पुण्यात पेशवाई बुडाली ते वर्ष. अख्खं वर्ष हा माणूस घोडीच्या खुराबद्दल लिहितो. खूर दुखावला, खूर बरा झाला, पुन्हा दुखावला.

"अरे, निदान आम्हाला नावं तरी ठेवायचीस!" मी स्वयंपाकघरात मोठ्याने म्हणाले. आपल्यावर राज्य करणाऱ्यांचा राग येतो, तो समजतो. पण राज्य करणाऱ्याला आपण आठवतही नाही, हे वाचून जो संताप येतो त्याला काय म्हणतात मला माहीत नाही.

जानेवारीत मंडळाची बैठक होती. मला बोलावलं होतं. मला वाटलं, काय वाचलं ते सांगायचं असेल. पण विषयपत्रिकेवर माझा क्रमांक सातवा होता आणि तिसऱ्या क्रमांकावर त्यांनी ठरवूनही टाकलं होतं की त्या घरावर पाटी लावायची. मजकूर तयार होता. "येथे थोर इंग्लिश राजकारणधुरंधर आणि स्वातंत्र्याचे मित्र राहत होते."

"कोण स्वातंत्र्याचे मित्र?" मी विचारलं.

"आपला विषय सातवा आहे," अध्यक्ष म्हणाले.

सातवा विषय येईपर्यंत दोन तास गेले. मग मी पूल, खोकला, बदक, सगळं सांगितलं. ऐकणारे चौघे गंभीरपणे मान डोलवत होते. खजिनदारबाईंनी टिपून घेतलं. शेवटी अध्यक्ष "आल्झो" म्हणाले, म्हणजे आपलं "तर मग". "एकोणीस वर्षं खासदार होते. म्हणजे काहीतरी केलंच असणार. अजून वाचा."

म्हणजे त्याचं थोरपण शोधून काढायची जबाबदारी माझी.

मे महिन्यात सासूबाई आल्या. २०१४च्या लोकसभेचं मतदान करून, बोटावर शाई घेऊनच विमानात बसल्या. "मत टाकल्याशिवाय येणार नाही" म्हणून त्यांनी तिकीट पुढे ढकलायला लावलं होतं. मला ते गमतीचं वाटलं होतं. कारण आमच्या सासूबाई स्वतः एकेकाळी नगरपालिकेत मेंबर होत्या, आणि त्या मेंबरकीवर आमच्या घरात विनोद व्हायचे. नव्वदच्या दशकात त्यांच्या तालुक्याच्या गावी वॉर्ड बायकांसाठी राखीव झाला. वॉर्डात पंधरा वर्षं राबले होते सासरे. मग यांना उभं केलं. भिंतींवर नाव यांचं लहान अक्षरांत आणि सासऱ्यांचं मोठ्या. पाच वर्षं सासऱ्यांनीच सगळं पाहिलं, यांनी फक्त सह्या केल्या, असं सासरेच हसत सांगायचे. मीही हसायची. सासूबाई चहा गाळायच्या.

जर्मनीत त्यांना दिवस खायला उठायचा. नवरा कामावर, शेजारणी नाहीत, टीव्हीवर सगळे जर्मन बोलणारे. शुक्रवारी मी पत्रं घेऊन बसले की त्या शेंगा सोलायला समोर येऊन बसायच्या.

"काय म्हणतो आज तुझा साहेब?"

"खोकला म्हणतो, आई."

मी वाचलेलं त्यांना मराठीत सांगू लागले. त्यांना आवडायचं. घोडीच्या खुराला काय बांधायला हवं होतं, तेही त्यांनी सांगितलं. मग जूनमध्ये मला एक जाड पुडकं सापडलं. जाळी नाही, स्वच्छ अक्षर. ते भाषण होतं. त्या वेळी इंग्लंडात मेंढी चोरली तरी फाशी व्हायची. आमच्या खासदाराच्या थोरल्या भावाच्या जमिनीवरच्या एका मजुराला तशी फाशी झाली होती आणि याने ती पाहिली होती. त्यावर याने भाषण लिहिलं. बहिणीला पाठवलं, तिच्याकडून दुरुस्त करून घेतलं, पुन्हा लिहिलं. आणि खरं सांगते, भाषण चांगलं होतं. त्यात त्या मजुराच्या पायातल्या बुटांबद्दल एक परिच्छेद होता, तो मराठीत सांगताना माझा आवाज बदलला. सासूबाईंचे हात थांबले.

मग पुढची पत्रं वाचली. विषय सभागृहात आला त्या दिवशी सर्दी झाली होती. पुढच्या वेळी दुसरा कुणीतरी आधी उभा राहिला. त्यानंतर उमरावभाऊ म्हणाला की हा विषय आपल्याला सोयीचा नाही. तीन वर्षं भाषण खिशात घेऊन हा माणूस जात-येत होता.

मी भिंग टेबलावर आपटलं. "बोल की मेल्या एकदा! तोंड दिलंय ना देवाने? तिथे बसायला मिळालंय, लिहून तयार आहे, आणि हा गप्प! कशाला गेला होता मग तिथे? शोभेला?"

"तुला सोपं वाटतं बोलणं," सासूबाई म्हणाल्या.

"सोपं नसेल. पण एवढंही अवघड काय आहे, आई? उभं राहायचं आणि बोलायचं."

त्या शेंगा घेऊन उठल्या आणि बाल्कनीत जाऊन बसल्या. मला वाटलं, मी मेल्याबिल्या म्हटलं ते आवडलं नसेल.

ते शेवटचं पत्र मी जुलैत वाचलं. जर्मनीने फुटबॉलचा वर्ल्ड कप जिंकला त्याच्या नंतरच्या शुक्रवारी. खाली रस्त्यावर गाड्यांना अजून झेंडे होते. साल १८३१. सभागृहात निवडणुकीचा कायदाच बदलायचं विधेयक आलं होतं. असल्या खिशातल्या जागा काढून टाकायच्या, खरी गावं, खरे मतदार आणायचे. म्हणजे आमच्या माणसाची खुर्चीच जाणार होती. उमरावाचा हुकूम आला: विरोधात जा. मतदानाची रीत अशी होती की विरोध करणाऱ्यांनी उठून बाहेर जायचं आणि बाजूच्यांनी आत बसून राहायचं. दारं लावून मग दोन्हीकडची डोकी मोजायची.

जाळीतून एकेक शब्द काढत मी मोठ्याने मराठी करत गेले. "दारं लावली. बाहेर जाणारे उठले. माझ्या डावीकडचा उठला, उजवीकडचा उठला. चुलतभावाच्या माणसाने मागे वळून पाहिलं. मी उठलो नाही, कारण…"

आणि तिथे भोक होतं. त्या काळी पत्राला पाकीट नसायचं. कागद घडी घालून लाखेने चिकटवायचे. बहिणीने घाईने फोडलं असणार. लाखेबरोबर कागद फाटला होता आणि कारण गेलं होतं. पुढची ओळ सुरू होत होती ती गळक्या बुटांवर.

मी अक्षरशः ओरडले. नऊ महिने! नऊ महिने मी या माणसाचा खोकला, पोट, खूर, बदक वाचलं, आणि आयुष्यात एकदा याने काही केलं, एकदा कारण लिहिलं, तर ते बहिणीच्या बोटांनी नेलं! मी खोक्यात हात घालून फाटका तुकडा शोधत होते, जणू दोनशे वर्षांनी तो तिथे असणार होता.

"कारण नसेलही काही," सासूबाई म्हणाल्या.

"अहो आई, असं कसं? एकोणीस वर्षं सांगितलं तसं केलं, आणि अचानक नाही? काहीतरी असणारच."

"माझा हात नव्हता उठला एकदा," त्या म्हणाल्या.

मला आधी कळलंच नाही. वाटलं, खांदा धरला होता त्याबद्दल बोलतायत.

"पालिकेत गं. विषयपत्रिका आली की तुझे सासरे लाल पेनाने खुणा करून द्यायचे. खूण असेल तिथे हात वर करायचा. चार वर्षं केला. मग स्टँडाजवळच्या भाजीवाल्या उठवायचा ठराव आला. तिथे दुकानांची इमारत व्हायची होती, आणि बायकांना नदीपलीकडे जागा. नदीपलीकडे भाजी घ्यायला कोण जाणार? त्यात माझी मेथीवाली होती. ठरावावर लाल खूण होती. सगळ्यांचे हात वर गेले. माझा गेला नाही."

"तुम्ही काय म्हणालात?"

"काय म्हणणार? नगराध्यक्ष म्हणाले, वहिनी, हात. मी कपाकडे बघत राहिले. पुन्हा म्हणाले, वहिनी. मग कारकुनाने तटस्थ म्हणून लिहिलं आणि पुढचा विषय घेतला."

"आणि बाबा?"

"ते बाहेर अध्यक्षांच्या खोलीत बसले होते. घरी येईपर्यंत त्यांना कळलं होतं. दिवाळीपर्यंत बोलले नाहीत माझ्याशी. जेवायला वाढलं की ताट घेऊन बाहेरच्या खोलीत जायचे. पुढच्या वेळी वॉर्ड खुला झाला, मग ते स्वतःच उभे राहिले."

"पण आई, कारण काय होतं? मेथीवाली?"

त्यांनी विचार केला. खरंच केला. "कुणास ठाऊक. हात जड झाला. मांडीवर होता तो मांडीवरच राहिला. तू म्हणतेस तसं काही ठरवून नव्हतं."

"त्या बायकांना कळलं का?"

"त्यांना कसं कळणार? ठराव तर झालाच मंजूर. त्या गेल्या नदीपलीकडे. मी एकदा मुद्दाम गेले होते तिकडे भाजीला. मेथीवाली म्हणाली, तुम्ही मेंबर असून काय केलंत आमच्यासाठी? तेव्हाही मी काही बोलले नाही. मेथी घेतली आणि आले."

बारा वर्षं मी या घराची सून होते. बारा वर्षं सह्यांच्या विनोदावर हसत होते. मला स्वतःची इतकी चीड आली की मी उठून कारण नसताना ओटा पुसायला लागले. संध्याकाळी नवऱ्याला सांगितलं. त्याने जेवणाचा डबा ओट्यावर ठेवला. मग म्हणाला, "त्या दिवाळीला बाबा चिडलेले होते हे आठवतंय. मला वाटलं, माझ्या मार्कांमुळे." आणि आईच्या खोलीत जाऊन बसला.

पुढच्या बैठकीला मी सासूबाईंना घेऊन गेले. मंडळाने पाहुणी म्हणून त्यांना कोपऱ्यात खुर्ची आणि सफरचंदाचा केक दिला. मी मतदानाचं पत्र वाचलं. अध्यक्षांचा चेहरा उजळला. ते विधेयक त्या दिवशी एका मताने पुढे सरकलं होतं, हे त्यांना ठाऊक होतं.

"एका मताने! आल्झो, ते मत यांचं!"

"बसून राहिलेल्या तीनशे जणांपैकी प्रत्येकाला तसं म्हणता येईल," मी म्हणाले.

"पण बाकीच्यांचं घर बाड हॉम्बुर्गमध्ये नव्हतं."

मी दोनच गोष्टींवर अडून बसले. राजकारणधुरंधर हा शब्द काढायचा आणि साधं संसदसदस्य लिहायचं, ही पहिली. आणि खाली एक वाक्य घालायचं: एकोणीस वर्षांत एकदा ते उठले नाहीत.

"वाचणाऱ्याला वाटेल त्यांचे गुडघे दुखत होते," अध्यक्ष म्हणाले.

"मग समजावून लिहा."

"पाटीवर जागा नाही."

दोन्ही मुद्दे मताला टाकले. हात वर झाले, मोजले, खजिनदारबाईंनी पुन्हा मोजले, नोंद झाली. संसदसदस्य मंजूर. वाक्य नामंजूर. सासूबाई कोपऱ्यातून टक लावून बघत होत्या. परतताना बसमध्ये म्हणाल्या, "आमच्याकडे बिस्किटं असायची. बाकी असंच."

पत्रांतून त्याचं पुढचंही मला कळलं होतं. महिन्याभरातच नव्याने निवडणूक झाली आणि उमरावाने जागा दुसऱ्या कुणाला दिली. हा थोरल्या भावाकडे गेला. वहिनीने तबेल्यावरची खोली दिली. चारपाच वर्षांनी पाण्याचे झरे प्रकृतीला चांगले म्हणून तो आमच्या गावी आला. इथल्या वाड्यात तेव्हा एक इंग्रज राजकन्या सून म्हणून आलेली होती, त्यामुळे थोडेफार इंग्रज असायचे. इथून लिहिलेली पत्रं मोजकीच आहेत. ब्रेड काळा आणि आंबट, पांघरुणं पिसांची आणि तोकडी, लोक रस्त्यात टक लावून बघतात, आणि घरमालक पायऱ्यांवरच्या चिखलाबद्दल बोलतो. ते वाचताना मात्र मी पहिल्यांदाच त्याच्या बाजूने झाले. मग बहीण त्याची सगळी पत्रं बरोबर घेऊन इथे राहायला आली, आणि पत्रं थांबली. लिहायचं कुणाला?

सासूबाईंना त्याची कबर बघायची होती. आम्ही जुन्या दफनभूमीत गेलो, अर्धा दिवस फिरलो. शेवटी तिथल्या माळ्याने सांगितलं की इथे कबरीची जागा मुदतीची असते. मुदत वाढवायला कुणी आलं नाही की दगड काढतात आणि जागा दुसऱ्याला देतात.

मी ते मराठीत सांगितलं तेव्हा सासूबाई फुलांचा पुडा हातात धरून तशाच उभ्या राहिल्या. "मेल्यावरसुद्धा भाड्यानेच?" त्या म्हणाल्या. मग ती फुलं त्यांनी शेजारच्या, अजिबात अनोळखी अशा एका बाईच्या कबरीवर ठेवली, कारण परत न्यायची नसतात.

पाटी ऑगस्टच्या पहिल्या आठवड्यात लागली. पाऊस होता. सासूबाई साडीवर मुलाचं विंडचीटर आणि पायांत लोकरी मोजे घालून उभ्या होत्या. अठरावीस माणसं छत्र्या धरून होती. अध्यक्षांनी पाऊण तास भाषण केलं आणि त्यात राजकारणधुरंधर हा शब्द चार वेळा वापरला. पाटीवरून काढलेला शब्द त्यांनी तोंडाने परत लावला. माझे आभार मानताना आडनाव चुकवलं. कापड सरकवल्यावर पाटी दिसली: इंग्लिश संसदेचे सदस्य येथे राहत होते. नाव, दोन सालं. बस. मी रागाने पाटीकडे बघत होते.

सासूबाई पुढे गेल्या, पाटीवरचं पाणी पदराने पुसलं आणि मला म्हणाल्या, "राहू दे गं. नाव तर लागलं."

जाताना त्यांनी त्या पत्राचं मराठी माझ्याकडून लिहून मागितलं. मी सुवाच्य अक्षरात, जाळी न करता, एका बाजूने लिहून दिलं. कारणाच्या जागी रिकामी जागा सोडली. महिनाभराने फोनवर त्यांनी सांगितलं की भिशीच्या बायकांपुढे ते वाचून दाखवलं.

"स्वतः वाचलंत?" मी विचारलं.

"हो मग. उभी राहून."

"काय म्हणाल्या सगळ्या?"

"काही नाही. एकीने विचारलं, कोण गं हा? म्हटलं, होता एक मेंबर. मग चहा आला."